गळ्याचं मशीन

न्हाव्याचा ट्रिमर मानेला लागला की त्या घरघरीने मला आजही बाबांचं गळ्याचं मशीन आठवतं. कर्करोगामुळे त्यांचं स्वरयंत्र काढलं होतं. टॉर्चएवढं ते मशीन गळ्याला टेकवून एकसुरी, घरघरत्या आवाजात ते बोलायचे आणि सिंधी व्यापाऱ्यांच्या कॅम्प चार वस्तीतला जीन्स शिवायचा कारखाना सांभाळायचे. मी तेव्हा फोनवरचा आवाज आटोपशीर करून पाठवणारं सॉफ्टवेअर लिहीत होतो: मागच्या आवाजावरून पुढचा ओळखायचा आणि अंदाज चुकेल तेवढंच पाठवायचं. एका रविवारी बदलापूरच्या घरी बाबांनी हौसेने, ते सॉफ्टवेअर घातलेल्या फोनवरून, आतल्या खोलीतून मला कॉल लावला. मी गॅलरीत होतो. कानात काहीच येईना. तसं सांगितल्यावर ते दारात येऊन म्हणाले, "मार्केटमधल्या सिंधी शेठना माझं सगळं कळतं, तुझ्या फोनलाच काय धाड भरली रे?" हसत पुन्हा आत गेले आणि मशीन गळ्यात रुतेस्तोवर दाबून बोलत राहिले. मला कारण कळलं होतं. एकसारखी घरघर म्हणजे पंखा, असं धरून ती आधीच पुसून टाकायचं मीच ठरवलं होतं. तो नियम काढला असता तर कंपनीत साहेबांसमोर होणाऱ्या चाचणीत पंखा ऐकू आला असता, आणि माझं प्रमोशन हुकलं असतं. मी म्हणालो, "बाबा, तुमचं मशीनच खराब आहे." त्यांनी ते पुसून डब्यात ठेवलं. त्यानंतर घरातही ते हातवाऱ्यांनीच बोलले. मशीन पुन्हा वापरा म्हणून मी हातापाया पडलो, पण खरं शेवटपर्यंत सांगितलं नाही. माझा आवाज मात्र त्या सॉफ्टवेअरमधून आजही स्वच्छ जातो.