डोळे कुणी आखले

किमया तीन वर्षं मालिकांमध्ये चहाचा ट्रे घेऊन आत-बाहेर करत होती. कधी कुणाची नणंद, कधी मैत्रीण. शेवटी कंटाळून तिने ठरवलं, आपणच लिहायचं, आपणच पैसे उभे करायचे, दिग्दर्शनही आपलंच. तिथवर तिच्या काकीला, चंद्रावतीला, कौतुकच होतं. हमरापूरची पोर स्वतःचा सिनेमा काढते, ही काय साधी गोष्ट?

पण विषय निघाला गणपतीचे डोळे आखणाऱ्या मुलीचा, आणि ती मुलगी होणार कोण, तर किमया. लहानपणी रंगाचा वास आला की नाकाला रुमाल लावून पेणला मैत्रिणीकडे पळणारी ही बया. ब्रश धरायची तो झाडू धरल्यासारखा. मग चेहरा किमयाचा आणि हात काकीचे, असं जमवलं. चंद्रावतीने ऐन हंगामात मूर्तींचा कारखाना सोडून चार दिवस हात दिले. "शेवटी तुझं नाव येईल, काकी," किमयाने शब्द दिला. चाळीस वर्षं डोळे आखूनही कुठल्या मूर्तीवर चंद्रावतीचं नाव लागलं नव्हतं. ती हरखून गेली.

रोह्यातल्या एका मंडळाने सिनेमा दाखवला. चंद्रावती ठेवणीतली साडी नेसून तिसऱ्या रांगेत बसली. शेवटी नावं सरकली. चहावाल्याचं आलं, ड्रोनवाल्याचं आलं, कुणाच्या तरी मांजराचेसुद्धा आभार मानले होते. चंद्रावतीचं नाव नव्हतं. तिला रडू फुटायला आलं, आणि त्याचाच जास्त राग आला.

मग सत्कार. कुणीतरी विचारलं, आखणी शिकायला किती दिवस लागले? किमया माईकवर गोड लाजली. "शिकावं नाही लागलं. आमच्या घरात ते उपजतच असतं."

मंडळाचे अध्यक्ष प्रविणशेठ यांना नेमकी बिनडोळ्यांची मूर्ती भेट आणायची बुद्धी झाली होती. त्यांनी ब्रश पुढे केला. "ताई, आपल्या शुभहस्ते होऊन जाऊ द्या."

किमयाने तिसऱ्या रांगेकडे पाहिलं. चंद्रावतीने मान वळवली. भोग म्हणावं आता. किमयाने ब्रश टेकवला; एक डोळा सोंडेकडे गेला, दुसरा कानाकडे. तरी लोकांनी टाळ्या पिटल्या. असे प्रेक्षक असले की कलाकार व्हायला लागतं काय?

देवाची ती दशा मात्र चंद्रावतीला बघवेना. ती स्टेजवर चढली, अध्यक्षांच्या पाण्याच्या पेल्यात पदराचं टोक बुडवून तिने मूर्तीचे डोळे पुसले, श्वास रोखला आणि नव्याने आखले. लोक खुर्च्यांतून पुढे वाकले. हा हात त्यांनी आत्ताच पडद्यावर पाहिला होता.

किमयाने घाईघाईने माईक ओढला. "ही माझी काकी, चंद्रावती..."

"ऱ्हाऊ दे गो," चंद्रावती ब्रश पुसत म्हणाली. "आता सांगायचं काय ऱ्हायलंय?"