शालनचा भत्ता

एका फ्रीजच्या हव्यासापायी मी माझ्या धाकट्या दिराला आणखी एक हिवाळा बर्फात ठेवलं. मला कुणी विचारलंही नव्हतं. विचारलं होतं माझ्या जावेला, शालनला. उत्तर मी देऊन टाकलं. तेव्हा मी सातवी पास होते, घरातली थोरली सून होते आणि फौजेचा पगार आपल्याला तोंडपाठ आहे अशी माझी समजूत होती. एका बाईत एवढं सगळं एकत्र आल्यावर ती गप्प कशी बसणार...

शालनला जाऊन आता दीड महिना होत आला. त्या दिवशी सकाळी मी ओसरीवर लसूण सोलत बसले होते, तर दौंडहून भाऊजींचा फोन. म्हणाले, "वहिनी, शालन उठंना." मी म्हटलं, "झोपू द्या की जरा. जन्मभर तुमच्या शिस्तीनं उठली ती." मग म्हणाले, "तसं न्हाई, वहिनी." पाकळी माझ्या बोटांतच राहिली. आणि खरं सांगते, रडू यायच्या आधी माझ्या मनात आलं ते असं, की बघा, हिला मरणसुद्धा कसं बिनत्रासाचं मिळालं. सवय, दुसरं काय. शालनला काही मिळालं की आधी जळायचं आणि मग बाकीचं, हा माझा उभ्या जन्माचा क्रम. तो त्या दिवशीही चुकला नाही.

आमचं घर मांडवगण फराट्याचं. ऊस, कांदा, गोठ्यात दोन म्हशी, खाऊनपिऊन बरं. पण पैसा यायचा तो कारखान्याच्या मर्जीनं, आणि घरात यायच्या आधीच त्याला बाहेरच्या वाटा फुटलेल्या असायच्या. धाकटे भाऊजी मिलिटरीत. त्यांच्याशी लग्न होऊन शालन आली ती भांडगावची. सावळी, अंगानं बारीक, बोलणं त्याहून बारीक. मला वाटलं, बरं झालं, गरीब गाय मिळाली. पण भाऊजी सुटीवर आले की त्यांची काळी ट्रंक उघडायची. वर पांढऱ्या रंगात नाव आणि नंबर. तिच्यातून कॅन्टीनचा साबण निघायचा, कुकर निघायचा, एकदा तर हातशिलाई मशीन निघालं, आणि ते सगळं शालनच्या खोलीत जायचं. मला साबणाच्या दोन वड्या मिळायच्या. त्या मी वापरत नसे, साड्यांत ठेवत असे; वासानं जळायला बरं पडायचं.

शेतात खुरपताना माझं गणित चालू असायचं. पगार महिन्याच्या महिन्याला, पाऊस पडो न पडो. आणि पगार तर नुसता तोंडी लावायला. पगारात न दिसणारं त्याच्याहून मोठं. खायला सरकारचं. कपडे सरकारचे, पायातले बूट सरकारचे. गाडीनं घरी यायला वॉरंट, म्हणजे तिकिटाचा खर्च नाही. ताप आला तर मिलिटरीचा दवाखाना, शहरात बदली झाली तर राहायला क्वार्टर, म्हातारपणी पेन्शन. इकडं आमच्या मालकांना पायताण घ्यायचं तर बाजाराच्या दिवसापासून पुढच्या बाजारापर्यंत विचार. मी हे सगळं त्यांना जेवताना वाढून वर ऐकवायची. ते म्हणायचे, "मग तूच जा की भरती व्हायला. उंचीत बसतीस का बघ."

एका वर्षी भाऊजींची बदली लांब उत्तरेला झाली, बर्फाच्या डोंगरात. तिथं उंचीवर राहायचा वेगळा भत्ता मिळतो, हे सासूबाईंकडून माझ्या कानावर आलं. झालं. मी बर्फ बघितला होता तो जत्रेतल्या गोळ्याचा, आणि डोंगर बघितला होता शाळेच्या सहलीत महाबळेश्वरचा. दोन्ही एकत्र करून मी भाऊजींना कोवळ्या उन्हात शाल पांघरून बसवलं. आम्ही इकडं उन्हाच्या भट्टीत उसाला पाणी धरतोय, आणि हे तिकडं थंड हवा खातात, खाल्ल्याबद्दल पैसे वेगळे! हळदीकुंकवाला आलेल्या बायकांना मी हेच सांगितलं. शालन वाण देत होती. तिनं ऐकलं आणि माझ्या ओटीत वाण जरा जोरातच टाकलं, एवढंच.

गावात तेव्हा फोन रशीदमामांच्या किराणा दुकानात. भाऊजी डोंगरावरून खाली तळावर आले की तिथं फोन करायचे. आधी निरोप यायचा, अमक्या रविवारी दुकानात येऊन थांबा. त्या रविवारी शालननं केस विंचरले, गजरा माळला, लग्नातली हिरवी साडी नेसली. मी म्हटलं, "फोनवर दिसतंय व्हय गं?" ती हसली नाही. दुकानात पोत्यावर आम्ही दोघी बसून राहिलो. फोन वाजला. शालननं दोन्ही हातांनी धरून कानाला लावला आणि नुसती उभी राहिली. ओठ हलतायत, आवाज नाही. मला राहवेना. तिकडं भाऊजींचे पैसे पळतायत आणि ही पुतळ्यासारखी. मी तिच्या हातातनं फोन घेतला.

भाऊजी म्हणाले, "वहिनी, आमची पाळी संपत आलीय. पर आजून एक हिवाळा थांबायला कोण तयार हाय, त्येंची नावं लिवून घेत्यात. शालनला आत्ताच इचारलं, ती बोलंना; तुम्ही इचारा, थांबू का खाली येऊ?"

मागं वळून बघायला कितीसा वेळ लागतो... मी वळले नाही. म्हटलं, "थांबा की. भत्ता चांगला हाय. आन् येताना कॅन्टीनमधला फ्रीज आणा." भाऊजी काहीतरी बोलत होते तोवर खरखर झाली आणि फोन कटला. रशीदमामा आलेल्या फोनचे पैसे घेताना म्हणाले, "आज समदं थोरल्या बाईंनीच उरकलं जणू." शालन माझ्याकडं बघत होती. मला वाटलं, आता रडेल, नाहीतर भांडेल. ती म्हणाली, "चला आक्का, भाकऱ्या व्हायच्यात."

पुढच्या उन्हाळ्यात दारात टेम्पो थांबला. दौंड स्टेशनावरनं केलेला. आधी फ्रीज उतरला, आकाशी रंगाचा, माझ्या खांद्याएवढा. मागनं भाऊजी उतरले. मी आधी फ्रीज बघितला. त्याच्यावर हात फिरवला, दार उघडून आत डोकावले, आणि मग माझं लक्ष गेलं की भाऊजी काठी टेकत येतायत. डाव्या पायाची तीन बोटं बर्फानं नेली होती. शालन टेम्पोच्या पलीकडं उभी होती. तिनं फ्रीजकडं बघितलंच नव्हतं.

मी दोन दिवस कुणाच्या नजरेला नजर दिली नाही. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी सगळे ओट्यावर शेंगा खात बसलो होतो आणि माझी जीभ पुन्हा वळवळली. आपली बाजू कुठंतरी खरी ठरावी, असं वाटत असतं ना माणसाला. म्हटलं, "पण भत्ता तरी नीट मिळाला ना, भाऊजी?" सासूबाईंनी डोळे वटारले. भाऊजी मात्र हसले. त्यांनी शेंगा ओढून घेतल्या आणि पाटावर मांडायला लागले. "हे बघा वहिनी. ह्यो मूळ पगार. ही महागाई. ह्यो उंचीचा भत्ता, खाली उतारलो की बंद. आता ह्यातनं फंड गेला, इमा गेला," असं म्हणत त्यांनी पहिल्या ढिगातल्या शेंगा उचलून आमच्या मालकांच्या पुढ्यात टाकल्या. मी म्हटलं, "आन् खाणं, कपडे, बूट? ते कुठं मांडलं?" म्हणाले, "ते हातात येत न्हाई, ते आंगावर येतं." मी म्हटलं, "तरी धरा की. आम्हाला कोण देतं?" त्यांनी धरलं. खाण्याच्या शेंगा, बुटाच्या शेंगा, दवाखान्याच्या. पाट भरला. एवढा मोठा ढीग मी मनात पुन्हा मोजून घेतला, काठी शेजारी पडलेली असताना.

तेव्हा शालन बोलली. चार माणसांत ती पहिल्यांदाच एवढं बोललेली मी ऐकलं. "आन् ह्यात माझं कुठंय?" भाऊजींना कळेना. ती म्हणाली, "तुम्ही तिथं ऱ्हायला त्येचं मिळालं. मी हितं ऱ्हायले त्येचं?" भाऊजींनी पाटावर बघितलं, हातातल्या शेंगेकडं बघितलं. मग शालन माझ्याकडं वळली. "सरकारनं न्हाई दिलं तर न्हाई. आक्का देतील. ह्या घरात तव्यावरची पहिली भाकर आजपास्नं माझी. त्यो माझा भत्ता." सगळे हसले. मी हसले नाही. का म्हणून मागते आहे, ते मला समजत होतं.

आमच्या घरात पहिली भाकरी कर्त्या पुरुषाच्या ताटात जायची रीत. ती मी मोडली. रोज पहिली फुगलेली भाकरी, वर लोण्याचा गोळा, शालनच्या ताटात. मालकांनी एकदा विचारलं, "आमचा नंबर कुठला?" मी म्हटलं, "तुम्ही बर्फात जाऊन या, मग बघू." वाढताना दर वेळी माझ्या मनात यायचं, बोटं ह्यांची गेली, लोणी ही खातीय. आणि लगेच दुसरं यायचं, की बोटं गेली ती माझ्यामुळं... दोन्ही एकाच भाकरीवर वाढत होते मी.

भाऊजी रिटायर झाल्यावर त्या डोंगरावरच्या पैशातून घेतलेल्या जागेवर दौंडला घर बांधलं. फरशी, नळ, न्हाणीत आरसा. पेन्शन तर होतीच, शिवाय डॉक्टरांच्या बोर्डानं पाय बघून पायाचं वेगळं लावून दिलं. मला त्याचाही हेवा वाटला, लिहायला लाज वाटते तरी लिहिते. मालकांचं एक बोट कडबा कुट्टीच्या मशीननं नेलं, तेव्हा हळद दाबून ते दुसऱ्या दिवशी रानात गेले होते. कुणी बोर्ड बसवला नाही. आता मालकही नाहीत आणि त्यांच्या मागं मला काही लागू नाही. शालन मात्र गुडघा दुखला तरी कार्ड घेऊन मिलिटरीच्या दवाखान्यात, आणि परत येताना पिशवीभर गोळ्या. मला दाखवायची. मी म्हणायची, "गोळ्यासुद्धा तुझ्या रंगीत गं."

दौंडला जाताना तो आकाशी फ्रीज ती माझ्याकडं ठेवून गेली. म्हणाली, "आक्का, त्यो तुमचाच हाय." टोमणा होता की माया, ते मला तेव्हा कळलं नाही. इकडं वीज आठ-आठ तास नसायची. त्यात मी कधी बी-बियाणं ठेवलं, कधी पापड. आज तो कपाट म्हणून उभा आहे. पण शालन नदी ओलांडून मांडवगणला आली की पिशवी त्याच फ्रीजवर ठेवायची आणि चुलीसमोर पाट घेऊन बसायची. "आणा माझा भत्ता." दात गेले तरी मागायची, दुधात कुस्करून खायची. मी दर वेळी एकच विचारायची, "शालन, त्या दिवशी फोनवर तुला काय सांगायचं होतं गं?" ती पदरानं तोंड पुसायची. "इसरले बाई." गेल्या पौषात शेवटची आली तेव्हाही विचारलं. म्हणाली, "भाकर करा आधी, गार पडंल तवा."

मागच्या आठवड्यात भाऊजी आले. एकटे, काठी टेकत. पिशवी त्यांनीही त्या फ्रीजवरच ठेवली. मी चुलीपुढं बसले, पहिली भाकरी फुगली, आणि माझ्या हातानं ती मला न विचारता बाजूच्या ताटलीत ठेवली, वर लोणी घातलं. दुसरी भाऊजींना वाढली. ते त्या ताटलीकडं बघत राहिले. मग मी एवढ्या वर्षांचं बोलून टाकलं. म्हटलं, "भाऊजी, त्या दिवशी तुम्ही शालनला विचारा म्हणालात. मी तिला विचारलंच नाही. 'थांबा' म्हणाले ते माझं होतं, तिचं नव्हतं." भाऊजींनी घास गिळला, पाणी प्यायले. हसू आवरत होते की दुसरं काही, ते मला दिसेना, चुलीचा धूर झाला होता. मग म्हणाले,

"वहिनी, तिलाबी थांबाच म्हणायचं हुतं. तिला दौंडची जागा घ्यायची हुती, पर नवऱ्याला तसं सांगायला जीभ उचलंना, म्हणून गप उभी ऱ्हायली आन् तुम्ही फोन घेतला. मला मागनं म्हणाली, आक्का बोलल्या ते लई बरं झालं, पर आक्काला कवाच सांगू नका, माझी पहिली भाकर बंद व्हईल."