हाली का कळदार?

मी निवृत्त गणिताचा मास्तर. दुसऱ्याची चूक दिसली की माझी जीभ वळवळते. धारूरच्या बाजारात वडिलांनी एका शेळीचा भाव ऐकून विचारलं, "हाली का कळदार?" आजूबाजूची पोरं फिदीफिदी हसली. निजामाचा रुपया तो हाली, इंग्रजांचा तो कळदार, आणि हालीची किंमत थोडी कमी. दोन्ही बंद होऊन जमाना लोटला. मी चारचौघांत म्हणालो, "आबा, आता तरी सोडा ते."

जन्मभर शेळ्या राखलेला माणूस, त्या दिवसापासून बाजाराला येईना. "माजं डोस्कं गेलंय, मी न्हाई येत," म्हणायचे. मला फार लागलं ते. पण माफी मागायची म्हटली की मास्तराच्या तोंडात मूग.

अशात लेकीचा फोन आला. जावयाच्या नोकरीपायी ती मोरोक्कोत असते. भाजीवालीनं संत्र्यांचे शंभर रियाल सांगितले, हिनं शंभर दिरहमची नोट पुढे केली. बाईनं नोट परत दिली आणि हिच्या हातातल्या चिल्लरीतून पाच दिरहमचं एक नाणं उचललं.

"पप्पा, रियाल नावाचं नाणंच नाही इथं. फ्रेंचांच्या काळात फ्रँक चालायचा, पाच फ्रँकला लोक रियाल म्हणायचे. फ्रेंच गेले, मागोमाग फ्रँकही गेला, शंभर फ्रँकचा, म्हणजे वीस रियालचा, एक दिरहम झाला. पण बाजारात अजून रियालच बोलतात."

फोन स्पीकरवर होता. बाजेवरून आबांनी विचारलं, "म्हातारी व्हती का गं बाई?"

"नाही आबा, माझ्याच वयाची."

"आन् तिला कुनी हसत न्हाई?"

"हसतील कशाला? चुकले तर मी होते."

आबांनी माझ्याकडे नुसतं पाहिलं. मी उगाच चष्मा पुसत बसलो.

पुढच्या बाजाराला त्यांनी आपणहून पटका बांधला. एक तांबडी शेळी त्यांच्या मनात भरली. शेळीवाला म्हणाला, "बारा हजार." आबांनी तोंड उघडलं, माझ्याकडे पाहिलं आणि मिटून घेतलं.

मग मीच सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारलं, "हाली का कळदार?"

पोरं हसली. शेळीवाला बावचळून माझ्याकडे बघत राहिला. आबांनी शेळीच्या पाठीवर हात ठेवला आणि त्याला समजावलं, "हाली म्हन बाबा. मास्तरला स्वस्त पडंल."