अप्पांचा जबाब

कोर्टात जायच्या सकाळी अप्पांनी तीनदा टोपी बदलली. तिन्ही पांढऱ्याच. मी चिडून म्हणाले, तिथं टोपी बघत नाहीत, बोलणं बघतात. माझे वडील एरवी गप्पिष्ट. पण भाऊ गेल्यापासून अपघाताचा विषय निघाला, की ते उठून गोठ्यात जायचे.

भाऊ जळकोटच्या अलीकडं, हायवेवर गेला. घरची माणसं नात्यातल्या साखरपुड्याला निघाली होती. भाऊ मोटारसायकलवर पुढं, मागं आत्याच्या मुलाचा पिकअप, आणि त्याच्या शेजारी अप्पा. पिकअपनं मागून उडवलं. पोलीस आले तेव्हा अप्पांनी जबाब दिला, की कुत्रं आडवं आलं, पोरगं आपणच घसरलं, मागच्या गाडीचा काही दोष नाही. भाच्याला वाचवायला बोलले. पोटचा पोरगा रस्त्यावर पडलेला आणि यांना बहिणीच्या घराची काळजी. मला त्याचा आजही राग येतो.

तो जबाब वहिनीच्या मुळावर आला. वेगळ्या घरात राहून, शाळेत खिचडी शिजवून ती दोन मुलींना सांभाळत होती. भरपाईचा दावा लावायला तिला मीच भरीस घातलं. विमा कंपनीनं नेमका तोच जबाब पुढं केला. गाडीचा दोषच नाही, मग भरपाई कसली? आमचे वकील म्हणाले, डोळ्यांनी बघणारा माणूस एकच आहे, त्यानंच आता खरं सांगावं; पण भाच्यावर केस होईल, तयारी ठेवा. अप्पा बरं म्हणाले. आत्या दोन दिवस घरी बसून रडली, तरी बरंच म्हणाले.

धाराशिवच्या कोर्टात आमचा पुकारा झाला तेव्हा दुपार टळत आली होती. पिकअप जोरात होता, कुत्रं वगैरे काही नव्हतं, एवढं ते धड बोलले. मग कंपनीचा वकील उठला. आवाज अगदी गोड. पोलिसांना खोटं सांगितलं, म्हणजे तुम्ही खोटं बोलता हे कबूल? अप्पा म्हणाले, कबूल. तेव्हा नात्यासाठी बोललात, आज पैशासाठी बोलताय, असंच ना? अप्पांनी टोपी सारखी केली. त्यानं पुन्हा विचारलं. न्यायाधीशांनी लिहिता लिहिता मान वर केली. वहिनीनं माझं मनगट इतकं आवळलं, की बांगडी रुतली. मला वाटलं, संपलं, हा माणूस आता उठून गोठ्यात जाणार.

अप्पांनी टोपी काढून हातात घेतली.

"भाचा हळूच चालवत व्हता, साहेब. मुहूर्त टळतोय म्हून म्याच म्हणलं, दामट. दोनदा म्हणलं. दुसऱ्यांदा म्हणलं तवा त्यानं माझ्याकडं बघितलं. तेवढ्यात झालं."

वकिलानं कागद चाळले आणि काही न विचारता खाली बसला. असलं खोटं कोणता बाप बोलेल? मला मात्र तेव्हा दाव्याचं काही सुचलं नाही. इतकी वर्षं मी त्यांना भाच्याचा कैवारी म्हणून बोलत आले होते, जेवताना, पाहुण्यांसमोर, कुठंही. ते खाली मान घालून गोठ्याकडं जायचे. माझीच मला लाज वाटली.

बाहेर ते आमच्यापासून लांब, पायरीवर एकटे बसले. वहिनी गेली आणि समोर उभी राहिली. सासऱ्यांना ती मामा म्हणते.

"मामा, हे मला घरी का न्हाय सांगितलं?"

"तितं शपथ घातली, बाई. घरी कुणी घातली न्हवती."

तिनं पदर डोळ्याला लावला नाही, त्यांना समजावलंही नाही. मग एस.टी.ची वेळ झाली म्हणाली.

पुढं निकाल वहिनीच्या बाजूनं लागला. भाच्यावर केस झाली, आत्यानं राखी बंद केली. निकालाचा कागद हातात आला त्या दिवशी अप्पा वहिनीच्या दाराशी आले, पण उंबऱ्याबाहेरच थांबले. वहिनीनं आतून पाट आणला. तो त्यांच्यासमोर ठेवला आणि म्हणाली, "बसा. माफ केलं असं म्या म्हणणार न्हाय. पर जेवून जावा."

अप्पा बसले. मुलींनी ताट वाढलं.