ताईचे डबे

आमच्या कंपूतला हा गृहस्थ सिनेमाचा कलादिग्दर्शक. पडद्यावर घर, दुकान, कचेरी दिसते ना, ती उभी करणारा. सुरुवात नाटकांचे पडदे रंगवण्यापासून. मग दहा वर्षं दुसऱ्यांच्या सेटवर खिळे ठोकले. स्टुडिओत त्याला सगळे मळव्या म्हणत. नवीकोरी भिंत त्याच्या हवाली करा, दुपारपर्यंत तिचा तीस वर्षांचा संसार झालेला. चहाचं पाणी, सरस, काजळी आणि तेल यांचा एक काढा होता त्याचा. प्रमाण सख्ख्या बायकोलाही सांगितलं नाही. तिनंही विचारलं नव्हतं म्हणा. तिच्या घरात आयता मळ बक्कळ होता.

पहिला स्वतंत्र सिनेमा मिळाला. त्यात एक आळशी, हावरट मामी होती आणि तिचं स्वयंपाकघर हवं होतं. चार आराखडे केले, चारही दिग्दर्शकानं नापास केले. तेव्हा हा गेला ताईकडे. आई गेल्यावर ताईनंच त्याला वाढवलेला. तिचा ओटा, फळी, खिडकी त्यानं टेप लावून मापली आणि फळीवरचे नऊ पत्र्याचे डबे मागितले. "तुझं स्वयंपाकघर सिनेमात लावतोय," एवढंच सांगितलं. मामीचं नाव काढायला जीभ रेटली नाही.

ताई हरखली. तिनं डबे घासून आरशासारखे करून, जुन्या साडीत गुंडाळून पाठवले. एकाच्या झाकणाला मोठा पोचा होता, तेवढा राहिला.

सेटवर दिग्दर्शक म्हणाला, घर दिसतंय, मामी दिसत नाही. मळव्यानं काढा ढवळला. एकेक डबा हातात घेऊन कडेकडेनं चिकट ओघळ सोडले. ओट्यावर थर चढवला. चार रबरी झुरळंही ठेवली. सगळ्यांनी पाठ थोपटली आणि खरं सांगायचं तर याची छाती फुगली.

इकडे ताईनं गल्लीत दवंडी पिटलेली. पहिल्याच दिवशी अकरा शेजारणींना घेऊन ती थिएटरात गेली. हा मागच्या रांगेत बसलेला. स्वयंपाकघर आलं आणि थिएटर खदाखदा हसलं. एका शेजारणीनं पोचा ओळखला. "अगंबाई, तुमचाच ना हो डबा?" ताई हो म्हणाली. मग पडद्यावर झुरळ दिसलं. बाकी सगळा वेळ तिनं मान वर केली नाही. हा मध्यंतरातच पळाला.

डबे परत करायचे होते. यानं घरी आठवडाभर घासले, पण काढाच इतका जमलेला की तसूभर सुटेना. शेवटी तसेच पोतं भरून घेऊन गेला.

ताईनं पोतं सोडलं. ओरडली नाही, हेच वाईट.

"गरीब दाखवलंस तरी चाललं असतं रे. होतोच आपण. पण माझ्या ओट्यावर घाण कधी बघितलीस तू?"

हा बाह्या सारून पुढे झाला. म्हणाला, मी घासतो. ती म्हणाली, बस तिकडे. आणि स्वतः मोरीत बसून घासायला लागली. पन्नाशी उलटलेली बाई, गुडघे दुखणारे. हा उंबऱ्यावर चोरासारखा.

तेवढ्यात तीच पोच्यावाली शेजारीण डोकावली. तिला काय, ऐकायचंच होतं. मोरीत बघून म्हणाली, "बाई बाई, केवढे हे मळलेत."

ताईनं हात थांबवला नाही. "सिनेमात तसंच करावं लागतं. सोपं नसतं ते. सगळ्यांनी नावाजलं आमच्या भावाला."

मला हे त्यानंच सांगितलं. एरवी स्वतःची टिंगल रंगवून सांगणारा माणूस. गोष्टीत इथं आल्यावर मात्र त्यानं चहाची बशी पुसत बसणं पसंत केलं. तिनं दोन थोबाडीत दिल्या असत्या तर फेडून मोकळा झालो असतो, म्हणाला.

शेजारीण गेली तेव्हा मोरीत नवातला तिसराच डबा चालला होता.