परातीपुढं कोण बसणार

अन्याय म्हटलं की शिवीगाळ, मारहाण, वेगळा पाणवठा एवढंच माझ्या डोळ्यांपुढं यायचं. त्यातलं आपण काहीच करत नाही म्हणून मी निवांत होते.

सोलापुरात आमचा आठ जणींचा बचत गट आहे. कडक भाकरी आणि शेंगाचटणी करून विकतो. आठवी बाई मीच आणली. ती रुळांपलीकडच्या दलित वस्तीतली, बाकी आम्ही सगळ्या एकाच गल्लीतल्या. तिच्या घरी मी भाकरी खाल्ली होती. इतकी पातळ, एकसारखी भाकरी आमच्यात कुणाला जमत नाही, मला तर नाहीच.

पहिल्याच आठवड्यात दोघी जणींनी मला बाजूला घेतलं. "ताई, आमचं काय न्हाय की. पण गिऱ्हाईक काय म्हणंल?" मला राग आला, पण गट मोडायची भीती त्याहून मोठी होती. मग मी डोकं चालवलं. तिला म्हटलं, "तुम्ही बोलता छान, तुम्ही विक्रीला बसा." ती जरा वेळ परातीकडं बघत राहिली आणि "बरं" म्हणाली. सापही मेला आणि काठीही मोडली नाही, असं मला वाटलं. घरी जाऊन नवऱ्याला सांगितलंसुद्धा, मोठ्या ऐटीत.

दोन वर्षं तिनं आमच्या भाकऱ्या विकल्या. आम्ही एकत्र डबे खाल्ले, हसलो, कुणी तिला वाकडा शब्द बोललं नाही. फक्त पिठाला तिचा हात लागला नाही. मधून मधून ती म्हणायची, "मला बी थापू द्या की, ताई." मी म्हणायची, "पुढच्या महिन्यात बघू." असे किती पुढचे महिने गेले, माझं मलाच माहीत.

गेल्या थंडीत बचत गटांचं प्रदर्शन भरलं. गिऱ्हाइकासमोर गरम भाकरी करून द्यायची होती आणि थापणारीला ऐन वेळी ताप भरला. मी काही म्हणायच्या आत ही पदर खोचून परातीपुढं बसली. भाकऱ्या टम्म फुगायला लागल्या, रांग लागली. तेवढ्यात ओळखीच्या एक बाई माझ्याजवळ आल्या. "काय हात आहे हो! कुठल्या ह्या?"

"आमच्याच गल्लीतल्या," मी म्हणाले.

जात त्यांनी विचारलीच नव्हती. वस्तीचं नाव घेतलं असतं तर फार तर एक गिऱ्हाईक गेलं असतं, तेही गेलं असतं की नाही देव जाणे. परातीवरचा तिचा हात थांबला, मग पुन्हा चालू झाला. सामान आवरताना ती एवढंच म्हणाली, "त्या दोघींचं मला पहिल्यापासनं ठावं हाय, ताई. तुमचं आज कळलं."

मला स्वतःची किळस आली.

दुसऱ्या दिवशी सकाळी गटाच्या खोलीवर पोचले तर ती आधीच परातीपुढं बसली होती. पीठ मळायला घेतलं होतं. त्या दोघी दारातच उभ्या, माझ्या तोंडाकडं बघत.

"आज विक्रीला तुमी बसा," ती मान वर न करता म्हणाली. "तुमी लई छान बोलता."

मी विक्रीची टोपली उचलली.