तार कंपनीची होती

“दिवसा तारेत वीज नसते, असं वाटलं म्हणे त्याला.” वीज कंपनीचा साहेब हसत हसत पाहुण्यांना सांगत होता. पाहुणेही हसले. एकाला तर चहाचा ठसका लागला. मी त्याच्या बंगल्याच्या पायरीखाली उभी होते. ज्याच्यावर ते हसत होते तो माझा नवरा. त्याचा तेरावाही व्हायचा होता.

रिह्याच्या खोऱ्यातून वीज कंपनीची तार टेकडीवरच्या श्रीमंतांच्या बंगल्यांना जायची. आमच्या झोपडीत रॉकेलची चिमणी. वीज आम्ही पाहिली ती लांबूनच, अंधार पडल्यावर बंगल्यांत दिवे लागायचे तेव्हा. उजाडलं की ते विझायचे. विझलेल्या चिमणीत आग राहत नाही, हे आम्हाला माहीत. म्हणून आमच्या धनगरवाड्यावर सगळेच समजत होते की दिवसा तारेतही काही नसतं. खरं काय ते सांगायला कंपनीचा एकही शहाणा कधी आला नाही.

वादळात खांब कलला आणि तार गुडघ्यापर्यंत खाली आली. पोलीसपाटलांनी माणूस धाडून कंपनीच्या कचेरीत कळवलं. आठ दिवस कुणी फिरकलं नाही. बंगल्यांतले दिवे लागत होते ना, मग घाई कसली. नवव्या दिवशी भर दुपारी माझ्या नवऱ्यानं शेरडं पलीकडं काढायला तार हातानं वर उचलली. मी मागून येत होते. पोचेपर्यंत संपलं होतं.

आता कारकुनानं कागद वाचून दाखवला. मयतानं स्वतःच्या निष्काळजीपणानं तारेला हात लावला, कंपनीवर कसलीही जबाबदारी नाही. खाली मी अंगठा द्यायचा. बदल्यात बंगल्यावर झाडलोटीची नोकरी. “कंपनीचं मन मोठं आहे,” कारकून म्हणाला. मोठंच. चोराच्या उलट्या बोंबा, आणि वर उपकार.

थोरला दीर शेजारी उभा होता. “दे अंगठा,” तो हळूच म्हणाला. “पोरीला दोन घास मिळत्याल.” पोरगी चार वर्षांची. घरात दाणा नव्हता. मी अंगठ्याला शाई लावून घेतली.

साहेबाला तेवढंही पुरलं नाही. “वाईट वाटून घेऊ नकोस,” तो म्हणाला. “अडाणी माणसाला वीज कळत नाही. त्यात तुझा काय दोष.”

अडाणी. आमच्या वाड्यावरचं कुत्रं वाटसरूला चावलं, तर ज्याचं कुत्रं तो हळद घेऊन त्याच्या दारी जातो. जखम भरेपर्यंत त्याच्या शेतात राबतो. तुला कुत्र्याचं कळत नव्हतं का, असं चावलेल्याला विचारायची आमच्यात कुणाची छाती नाही. पंच थोबाड रंगवतील. आणि हा इथं मेलेल्या माणसाची अक्कल काढत होता.

“सायब, दिवसाबी तारंत वीज असती, ह्ये तुमाला ठावं व्हतं?”

“अर्थात. मी इंजिनिअर आहे.”

“आन तार खाली आलीया, ह्येबी ठावं व्हतं?”

पाहुणे कपात बघू लागले.

“मंग ज्याला ठावं न्हवतं त्यो मेला. ज्याला ठावं व्हतं त्यो हितं चा पितोय. निष्काळजी कोन?”

साहेबानं कारकुनाकडं पाहिलं. उत्तरही त्याला दुसऱ्याकडून हवं होतं. मला त्याची किळस आली. एवढं शिकून एवढाच माणूस उरतो. शाई लुगड्याला पुसून मी निघाले. दीर घरापर्यंत शिव्या घालत होता.

दुसऱ्या दिवशी पोरीला काखेत घेऊन तालुक्याचं गाव पौड गाठलं. तिथल्या वकिलानं अर्ज लिहून वाचून दाखवला. ‘गरीब, अडाणी विधवेवर दया करावी.’

“दया खोडा,” मी म्हणाले. “अडाणीबी खोडा.”

“बाई, लिहायची पद्धतच तशी असते.”

“मी भीक मागाया आली न्हाई. लिवा, तार कंपनीची व्हती. खाली आल्याचं कंपनीला कळवलं व्हतं. मानूस त्याच तारंनं मेला. जबाब कंपनीनं द्यायचा.”

वकिलानं चष्मा काढला. “वर्षानुवर्षं खेळवतील तुला.”

खेळवू देत. मी शेरडं राखीन, लोकांची भातं लावीन, पण तारीख चुकवणार नाही. तार आमची होती, माणूस आम्ही मारला, हे मला कोर्टात त्यांच्याच तोंडून वदवून घ्यायचं आहे. त्याआधी मी मेले, तर माझी पोरगी वदवून घेईल.